डाव्या हाताचे पूर्वज

मुलाने काही चांगलं केलं की ते त्याच्या आईच्या माहेरून आलेलं असतं आणि काही वाकडं केलं की बापाच्या घराण्यातून, हा आनुवंशिकतेचा पहिला नियम मला मेंडेलच्या वाटाण्यांच्या कितीतरी आधी माझ्या सासूबाईंनी शिकवला होता. व्याह्यांच्या घरात हाच नियम बरोबर उलटा लागतो, हे मुलीचं लग्न झाल्यावर कळलं. त्यामुळे आमच्या ठमीने, म्हणजे नातीने, पहिल्यांदा खडू उचलला तो डाव्या हाताने, आणि त्या खडूने नुकत्याच रंगवलेल्या भिंतीवर खिडकीपासून दारापर्यंत एक सलग रेघ ओढली, तेव्हा भिंतीचं काय झालं इकडे कुणाचं लक्षच गेलं नाही. विहीणबाईंनी चहाचा कप खाली ठेवला आणि अत्यंत मृदू आवाजात त्या म्हणाल्या, "आमच्यात नाही हो कुणी डावं."

आमच्या सौभाग्यवतींनी काही उत्तर दिलं नाही. तिने फक्त माझ्याकडे पाहिलं.

मी जन्माने डावरा. पण आमच्या आजीला ते मान्य नव्हतं, आणि आजीला जे मान्य नसे ते आमच्या घरात नसे. तीर्थ उजव्या हातावर, प्रसाद उजव्या हातात, पैसे उजव्या हाताने द्यायचे आणि उजव्यानेच घ्यायचे. डाव्या हाताकडे आजीने एकच खातं सोपवलं होतं आणि ते सकाळीच आटपायचं. पानात चटणी, कोशिंबीर आणि लोणचं डावीकडे वाढतात ते डाव्या हाताच्या सोयीसाठीच, अशी माझी प्रामाणिक समजूत होती आणि त्या बाजूचा कारभार माझा डावा हात परस्पर उरकत असे. आजीने यावर उपाय काढला. जेवताना माझ्या डाव्या हातात पाण्याने काठोकाठ भरलेलं फुलपात्र द्यायचं. हात ताटाकडे वळला की पाणी मांडीवर. मी उजव्याने जेवायला शिकलो खरा, पण त्या काळात माझी चड्डी क्वचितच कोरडी असायची आणि शेजारच्या काकूंनी आईला भलत्याच दुखण्यावरचं औषध सुचवलं होतं.

एकदा गणपतीत मी आजीला कोंडीत पकडलं. म्हटलं, आपल्या घरच्या गणपतीची सोंड डावीकडेच लागते, उजव्या सोंडेचा कडक म्हणून तू आणू देत नाहीस. मग देवाचं डावं चालतं आणि माझं का नाही? आजी दूर्वा निवडता निवडता म्हणाली, "त्याला चार हात आहेत. तुला दोनच, तेही जेमतेम."

शाळेत पाटी होती. डाव्याने लिहिणाऱ्याचं दुःख उजव्यांना कळायचं नाही. त्याचा हात अक्षरांच्या मागून येतो आणि आत्ताच लिहिलेलं पुसत पुढे जातो, त्यामुळे माझ्या शुद्धलेखनाची ओळ संपायच्या आत तिची सुरुवात नाहीशी झालेली असे. गुरुजी कोऱ्या पाटीकडे बघून विचारत, गृहपाठ कुठाय? तो माझ्या तळहातावर असे. मी तळहात पुढे करी. गुरुजी त्यावर छडी मारत.

अशा रीतीने मी उजवा झालो, म्हणजे अर्धवट झालो. आज लिहितो उजव्याने, जेवतो उजव्याने, दात घासतो डाव्याने, कुत्र्याला हाकलायचा दगड डाव्याने उचलतो, आणि भिंतीत खिळा ठोकायची वेळ आली की माझे दोन हात सरकारी कचेरीतल्या दोन टेबलांसारखे एकमेकांकडे बोट दाखवतात. हातोडी त्या बोटावर पडते.

गल्लीतल्या क्रिकेटमध्ये मी बॅटिंग उजव्याने आणि बोलिंग डाव्याने करी. पुढे सचिन तेंडुलकर बॅट आणि बॉल उजव्या हाताचे पण सही डाव्याने करतो हे वाचलं, सौरव गांगुली एरवी उजवा असून मोठ्या भावाचं सामान वापरता यावं म्हणून डावखुरा फलंदाज झाला हेही वाचलं, आणि हातांची अशी अदलाबदल हे थोरपणाचं लक्षण आहे असं मी मनाशी धरून चाललो. गांधीजींनी १९०९ साली इंग्लंडहून आफ्रिकेला जाताना बोटीवर 'हिंद स्वराज्य' लिहिलं, तेव्हा उजवा हात थकला की ते डाव्याने लिहायचे. हस्तलिखितातली चाळीसेक पानं डाव्या हाताची आहेत. माझा उजवा हात थकला की मी झोपतो. आमच्या गल्लीच्या कप्तानाला तर माझ्या दोन्ही हातांबद्दल सारखंच मत होतं; तो मला स्कोअर लिहायला बसवायचा.

संसारात हे डावेपण नडलं ते बरण्यांवर. तळहात खालून वर वळवताना दंडाचा स्नायू मदतीला येतो, त्यामुळे त्या दिशेला जोर जास्त. उजव्या हाताची ती दिशा म्हणजे झाकण आवळायची; डाव्या हाताची तीच दिशा झाकण सैल करायची. आटे पाडणारा जो कोणी पहिला माणूस असेल तो नक्की उजवा असणार, त्याने आवळणं आपल्या सोयीचं करून ठेवलं. परिणामी कुणालाही न उघडणारं झाकण मी सहज उघडतो आणि कुणीही लावू शकेल असं झाकण मला नीट लागत नाही. मी बंद केलेली बरणी झाकणाला धरून उचलू नये, असा आमच्या घरात नियम आहे. तो झाला त्या दिवशी वर्षाचं कैरीचं लोणचं ओट्यापासून बेसिनपर्यंत पसरलं होतं आणि मी हिला स्नायूंचं हे सगळं शास्त्र समजावून सांगत होतो. ती काचा वेचत होती.

तर विहीणबाईंच्या त्या वाक्याने मी पेटलो. आमची, हिच्या माहेरची आणि व्याह्यांची अशी तिन्ही वंशावळींची पानं मांडायची, प्रत्येक नावापुढे डावा की उजवा ते लिहायचं आणि ठमीचा खडू कुणाच्या खात्यावर टाकायचा याचा एकदाचा निकाल लावायचा, असं ठरवलं. पुतण्याच्या लग्नाचा मुहूर्त तोंडावर आला होता. सगळी मंडळी एका मांडवात सापडणार होती.

माणूस डावा की उजवा हे ठरवायची शास्त्रीय पद्धत आहे. ओल्डफील्ड नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९७१ साली दहा कामांची एक यादी केली, एडिनबर्गची यादी म्हणून ती अजूनही वापरतात. लिहिणं, चित्र काढणं, फेकणं, कात्री, दातांचा ब्रश, सुरी, चमचा, लांब दांड्याच्या झाडूवर वरचा हात, काडी ओढणं आणि डब्याचं झाकण उघडणं. यादी घेऊन मी कार्यालयात शिरलो. मोठ्या आत्याला विचारलं, दात कुठल्या हाताने घासतेस? तिने कवळी काढून माझ्या हातात ठेवली आणि म्हणाली, आता तूच घास. मेव्हण्याला म्हटलं, जरा काडी ओढून दाखव, तर मी सिगारेट मागतोय असं वाटून तो मला मोठ्या आपुलकीने कार्यालयाच्या मागे घेऊन गेला आणि तिथे आम्हा दोघांना हिने पाहिलं. व्याह्यांच्या थोरल्या बंधूंना, आपण झाडू धरता तेव्हा वरचा हात कुठला असतो, असं मी अत्यंत अदबीने विचारलं. ते अजून माझ्याशी बोलत नाहीत.

तेवढ्यात भटजींनी अक्षता वाटायला सांगितल्या आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला. 'फेकता कुठल्या हाताने' या प्रश्नाचं उत्तर अख्खा मांडव आता आपण होऊन देणार, आणि तेही दर मंगलाष्टकाला नव्याने. पुढच्या रांगेतले लोक सभ्यपणे उजव्या हाताने अक्षता टाकतात हे खरं, पण मागच्यांना नेम धरावा लागतो, आणि नेम धरताना माणूस आजीचं ऐकत नाही. मी एक खुर्ची ओढली, अंतरपाटाच्या बाजूला ठेवली आणि वधूवरांकडे पाठ, वऱ्हाडाकडे तोंड, हातात वही, असा तिच्यावर उभा राहिलो. व्हिडिओवाला "काका, बाजूला" म्हणत राहिला, भटजी 'सावधान' माझ्याकडे बघून म्हणायला लागले, केसांत, कानांत आणि वहीच्या पानांत तांदूळ साचले, तरी मी एकेक नाव आणि एकेक हात टिपत राहिलो. त्या मंगल क्षणाचा फोटो नंतर सगळ्यांना मिळाला. त्यात नवरा आहे, अंतरपाट आहे, मधोमध मी आहे. नवरी माझ्यामागे आहे.

रात्री बेरीज केली आणि मला दरदरून घाम फुटला. जगभरच्या वीस लाखांहून जास्त माणसांचा हिशेब २०२० साली एकत्र केला तेव्हा डावरे निघाले शंभरांत १०.६, आणि इथे माझ्या वहीत तिन्ही घराणी मिळून दहातली नऊ माणसं डावरी! आपल्या हातून शास्त्रात काहीतरी मोठं घडतंय, या जाणिवेने मी हिला गदागदा हलवून उठवलं आणि आकडा सांगितला. ती डोळेही न उघडता म्हणाली, "ते तुमच्याकडे तोंड करून उभे होते ना?"

वही उलटी वाचली. हिशेब जगाइतकाच आला, दहांत एक, आणि तो एक तिन्ही घराण्यांत सारखाच वाटला गेला होता. व्याह्यांच्या वाट्याला आलेल्यांत विहीणबाईंचे सख्खे धाकटे बंधू होते. मी आनंदाने उडी मारणार, एवढ्यात आठवलं की त्यांच्या उजव्या कडेवर सबंध वेळ कुणाचं तरी पोर होतं.

नातेवाइकांकडून काही हाती लागत नाही म्हटल्यावर मी शास्त्रज्ञांकडे वळलो. माझी मागणी फार नव्हती. एक जनुक दाखवा, ते आजोबांकडून बापाकडे आणि बापाकडून मुलाकडे कसं आलं ते सांगा, म्हणजे मी मोकळा. पण हे प्रकरण मेंडेलच्या हिशेबात बसतच नाही. आईबाप दोघेही उजवे असले तर दहांतलं एखादं मूल डावं निघतं. दोघांतलं एक डावं असेल तर पाचांतलं एखादं. आणि दोघेही डावे असले तर? तर शंभरांतली सव्वीसेक. म्हणजे दोन पक्के डावरे एकमेकांशी लग्न करून बसले तरी चारांतली तीन पोरं उजवीच जन्मतात. घराण्याचं नाव असं कुठलं जनुक चालवतं?

यावर इंग्लंडच्या मॅरियन अ‍ॅनेट यांनी १९७२ साली एक झकास तोडगा मांडला. त्या म्हणाल्या, डाव्या हाताचं जनुक असं काही नसतंच. असतं ते उजवीकडे ढकलणारं. ते ज्याला मिळालं नाही त्याच्या बाबतीत निसर्ग नाणं उडवतो, छापा पडला तर उजवा, काटा पडला तर डावा. ख्रिस मॅकमॅनस यांनीही पुढे अशाच नाणेफेकीचा, थोडा वेगळा हिशेब मांडला. मला हे फार पटलं. म्हणजे मला डावेपणाचा वारसा मिळालेला नाही, उजवेपणाचा मिळायचा राहिला. आमच्याकडे न मिळालेल्या वारशांची परंपरा जुनीच आहे. कोकणातली हापूसची कलमंही अशीच चुलत्यांकडे गेली.

अमेरिकेत रॉबर्ट कॉलिन्स यांनी उंदरांवर खटपट केली. प्रत्येक उंदराचा आवडता पंजा ठरलेला असतो. कॉलिन्सनी डाव्या पंजाने खाणं उचलणाऱ्या उंदरांची सोयरीक डाव्या पंजाच्या उंदरांशीच जुळवली, आणि असं पिढ्यान्‌पिढ्या केलं. तरी पिल्लं निम्मी डावी, निम्मी उजवीच. उंदरांत विहिणी नसतात म्हणून ते निभावलं.

जुळ्यांचं तर विचारूच नका. एकाच बीजातून झालेली, जनुकं तीच, चेहरे असे की आईनेही दोनदा बघावं, आणि तरीही साधारण पाच जोड्यांतल्या एका जोडीत एक डावा आणि एक उजवा! ऑस्ट्रेलिया आणि नेदरलँड्समधल्या २५ हजारांहून जास्त जुळ्यांच्या कुटुंबांचा अभ्यास २००९ साली प्रसिद्ध झाला. त्यात निघालं की माणसामाणसांत डाव्या-उजव्याचा जो फरक दिसतो त्यातला जेमतेम पाव हिस्सा जनुकांच्या पदरात टाकता येतो. बरं, हा पाव हिस्सा तरी एका जागी असावा? २०२० साली १७ लाखांहून अधिक लोकांची जनुकं चाळून संशोधकांनी डावेपणाशी संबंध असलेल्या तब्बल ४१ जागा काढल्या, एकेकीचा वाटा चिमूटभर. त्यांतल्या बऱ्याच पेशींच्या आतल्या सूक्ष्म नलिकांशी संबंधित आहेत. या नलिका पेशीला आकार देतात आणि मेंदू घडतानाही कामी येतात. मी एक पूर्वज शोधत होतो. त्यांनी मला ४१ पत्ते दिले.

आणि हे सगळं ठरतं कधी? पीटर हेपर यांनी बेलफास्टमध्ये सोनोग्राफीने पोटातल्या बाळांवर नजर ठेवली. दहाव्या आठवड्याच्या सुमाराला बाळं हात हलवायला लागतात, आणि बहुतेकांचा उजवा हात जास्त हलतो. पंधराव्या आठवड्यापासून ती अंगठा चोखताना दिसतात. अशी ७५ बाळं मोठी झाल्यावर त्यांनी पुन्हा गाठली. पोटात उजवा अंगठा चोखणारी ६०, ती सगळी उजवी निघाली. डावा चोखणारी १५, त्यांतली १० डावी राहिली आणि पाच उजवी झाली. शास्त्रज्ञ काहीही म्हणोत, माझी खात्री आहे की त्या पाचांच्या घरी आजी होती.

आज्यांच्या पराक्रमाची तर नोंदच आहे. इंग्लंडात विसाव्या शतकाच्या सुरुवातीला जन्मलेल्या लोकांत डावरे तीनेक टक्के सापडतात, पुढच्या पिढ्यांत ते दहा-बारा टक्क्यांवर गेले. शंभर वर्षांत माणसाची जनुकं बदलत नाहीत. आज्या बदलल्या.

पण आजी फार तर हाताचं काम बदलते, हात नाही. उरलेल्या तीन हिश्शांत घरच्या शिस्तीपेक्षा पोटातल्या घडणीतले बारीकसारीक योगायोगच जास्त असावेत, असं आता बहुतेक अभ्यासक मानतात. म्हणजे ठमीचा खडू आमच्याकडूनही आला नाही, हिच्या माहेरूनही नाही आणि व्याह्यांकडूनही नाही. मुख्यतः तो आपला आपणच आला. हा निकाल सांगायला मी दोघींना मुद्दाम चहाला एकत्र बसवलं, उंदरांपासून बेलफास्टपर्यंत सगळं सांगितलं, आणि सांगताना हातवारे करण्याच्या भरात साखरेचा डबा उलथवला, कारण झाकण मी लावलं होतं.

विहीणबाई शांतपणे म्हणाल्या, "म्हणजे आमच्याकडचं नाही, हे शास्त्राने पण सांगितलं."

ही म्हणाली, "पाव हिस्सा तरी यांचाच."

मुलीच्या लग्नानंतर दोघींचं एकमत झालं ते इथे.

ठमीला यातलं काही घेणंदेणं नाही. तिच्या हातात कुणी फुलपात्र देत नाही, आणि पाटीही आता बटण दाबून पुसायची आली आहे. अडलं ते फक्त बालवाडीतल्या कागदकामावर, आणि तिथे तिचा हात नव्हे, कात्री चुकीची होती. नेहमीच्या कात्रीची पाती अशी जोडलेली असतात की उजव्या हाताने दाबलं की ती एकमेकांवर घट्ट बसतात; तीच डाव्या हातात घेतली की पाती फाकतात, कागद कापायच्या ऐवजी मधे दुमडतो आणि कापायची रेघ वरच्या पात्याआड जाते. पोराला वाटतं आपल्यालाच जमत नाही. डाव्यांसाठी वेगळी कात्री मिळते, तिची पाती उलट जोडलेली असतात. मी ती मागवली आणि नातीच्या हातात धोका नको म्हणून आधी स्वतः वापरून पाहिली. पण माझा डावा हात जन्मभर उजव्यांच्या कात्रीशी झटापट करत आलेला. पाती फाकू नयेत म्हणून उलटा दाब द्यायची त्याची सवय हाडात मुरलेली. मी पेपरातलं शब्दकोडं कापायला घेतलं. कोडं आहे तसं राहिलं, टेबलक्लॉथ कापला गेला. ठमीने कात्री माझ्या हातातून काढून घेतली आणि कागदाचा मासा कापला, शेपटीसकट.

तेव्हा तुमच्या घरी असं एखादं डावरं पिल्लू असेल तर त्याला ही कात्री जरूर आणून द्या. मूठ दोन्ही हातांना चालते एवढ्यावर भुलू नका, पाती उलट जोडलेली आहेत ना ते दुकानातच उघडून बघा. आणि घरी आणलीत की थेट मुलाच्या हातात द्या, आजोबांना आधी वापरून बघू देऊ नका.